नियमावलीत तेवढं छापून टाका : लावणी स्पर्धेच्या संयोजकांना खुलं पत्र

प्रति,
संयोजक समिती,
खुली लावणी स्पर्धा
(मंडळाचं नाव मुद्दाम लिहीत नाही. तुम्हाला कळेलच, आणि तुमच्यासारख्या आणखी चार मंडळांनाही कळेल.)

सप्रेम नमस्कार.

गेल्या मंगळवारी दुपारी तुमच्या समितीतल्या एका काकांचा फोन आला तेव्हा मी मशीनवर होतो. समोर जांभळी नऊवारी, काष्ट्याची शिवण अर्ध्यावर. फोन कान आणि खांद्यामध्ये धरून बोललो, त्यामुळे ‘हो’ आणि ‘बरं’ यापलीकडे तोंडातून काही निघालं नाही. तेव्हा जे सुचलं नाही ते आता लिहितोय.

काका सज्जन होते. म्हणाले, “पुरुष असल्याची आमची हरकत नाही हो. मागच्या वर्षीही दोघं होते, छान केलं त्यांनी. पण ‘पूर्वीचे कार्यक्रम’ या रकान्यात तुम्ही जे लिहिलंय ना, क्लब वगैरे... म्हणजे बारच ना तो? समितीचं म्हणणं पडलं की राहू दे.” मग प्रवेश शुल्काचे पाचशे रुपये परत पाठवायला नंबर विचारला. फोन ठेवल्यावर दोन मिनिटांत पैसे आले. एवढ्या तत्परतेने मला आजवर एकाही क्लबने पैसे दिलेले नाहीत, हे तुमच्या बाजूने नमूद करतो.

आता माझी ओळख, कारण फॉर्मवर तिला दोनच ओळी होत्या. दिवसा मी शिंपी. ठाकुर्लीत छोटा गाळा आहे, शिवलेल्या नऊवाऱ्या करतो. ब्राह्मणी, पेशवाई, मस्तानी आणि लावणीची. महिन्यातल्या चार-पाच रात्री मी हौसा ठाकुर्लीकरीण असते. तमाशातल्या जुन्या बायका नावापुढे गाव लावायच्या, जशी पवळा हिवरगावकरीण. माझं गाव म्हणाल तर जिथे फास्ट लोकल थांबत नाही असं एक स्टेशन, मग तेच लावलं. बाईच्या वेषात, लावलेल्या गाण्यावर ओठ हलवत मी जे करते त्याला मुंबईच्या क्लबांत ‘ड्रॅग’ म्हणतात. माझ्याबरोबरच्या बहुतेकजणी इंग्रजी गाण्यांवर करतात, काही हिंदी सिनेमातल्या. लावणी करणारी त्या रात्री बहुधा मी एकटीच असते. (इथे ‘करतो’ आणि तिथे ‘करते’, हे मला आपोआप होतं. तुमच्या निवेदकाला त्याचा घोळ झाला असता, ते मी समजून घेतलं असतं.)

मी सुरुवात केली तेव्हा हे सगळं लपूनछपून चालायचं. पार्टी कुठे आहे ते दुपारपर्यंत कुणालाच ठाऊक नसे. संध्याकाळी एसएमएस यायचा, त्यात पत्ता आणि ‘ड्रेस घालून येऊ नये, आत बदलावा’ अशी सूचना. आमच्या आधीची मंडळी कुलाब्यातल्या व्हूडू पबच्या शनिवारच्या रात्रींच्या गोष्टी सांगायची, तशाच डोळे मोठे करून, जशी आजी लोकं दुष्काळाच्या सांगतात. पोलिसांची गाडी गल्लीत वळली की गाणं बंद, दिवे चालू, आणि सगळे एकदम आपापल्या ग्लासाकडे बघायला लागायचे. ६ सप्टेंबर २०१८ ला सुप्रीम कोर्टाने समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या ३७७ कलमातून आमची मान सोडवली. त्याच वर्षी आपल्याच मुंबईचा सुशांत दिवगीकर हिंदी वाहिनीवरच्या गाण्याच्या स्पर्धेत बाईच्या वेषात उभा राहून दोन्ही आवाजांत गायला. घराघरांत दिसला. माझ्या आईने बघितला. “हा बघ,” म्हणाली, “तुझ्यासारखाच. पण गातोय स्वतः.” टोमणा होता. पुढे त्याच्याकडे येतो.

तयारीला अडीच तास लागतात. आधी भुवया घालवाव्या लागतात. शाळेतल्या पोरांची ग्लू स्टिक असते ना, ती भुवयांवर आधी उलटी घासायची, मग सुलटी, वाळू द्यायची, पुन्हा घासायची. असे तीन थर. त्यावर पावडर, त्यावर रंग. भुवया नसलेला आपलाच चेहरा आरशात पहिल्यांदा दिसतो तेव्हा दचकायला होतं. मेलेल्या माणसासारखा दिसतो. मग त्याच कपाळावर बोटभर वर नव्या भुवया काढायच्या आणि बाई तिथून सुरू होते. कमरेला फोम, गादीवाल्याकडून आणून सुरीने कापलेला. तो दिसू नये म्हणून एकावर एक तीन स्टॉकिंग्ज. मग नऊवारी, मग दागिने, शेवटी पायांत चाळ. हे सगळं क्लबच्या मागे बिअरचे क्रेट ठेवतात त्या खोलीत. आरसा म्हणजे मोबाइलचा कॅमेरा, आणि फोम लावून बसता येत नाही म्हणून सगळं उभ्याने. मध्ये कुणीतरी क्रेट न्यायला येतो, “सॉरी मॅडम” म्हणतो. तेवढं ‘मॅडम’ मात्र मनापासून असतं.

रात्री साडेबाराला नाव पुकारतात. आठ-दहा मिनिटांत काम संपतं. मग वाट बघायची, शेवटची लोकल गेलेली असते. दादरच्या फलाटावरच्या बाकावर बसून खोबरेल तेलाने तोंड पुसत पहिल्या गाडीची वाट बघितलेल्या रात्री मोजल्या नाहीत. समोर पेपरचे गठ्ठे सोडवणारी पोरं असतात. त्यांना सवय झाली आहे. एकाने एकदा न मागता मला कालच्या पेपराचं पान पुढे केलं, पुसायला.

ही लावणी मी यूट्यूबवर शिकलेलो नाही. फॉर्ममध्ये ‘गुरू’ या रकान्यात जे नाव लिहिलं होतं त्या मावशींनी उभं आयुष्य संगीतबारीत, म्हणजे बसून गात-नाचत लावणी करणाऱ्या बायकांच्या पार्टीत, काढलं. गुडघे गेल्यावर मुलाकडे येऊन राहिल्या. त्यांनी मला तीन महिने नाचूच दिलं नाही. नुसतं बसवलं. बसून पदर सावरणं, बसून मान वळवणं, एकाच ओळीवर दहा वेळा दहा तऱ्हांनी बघणं. “उभं राहून कुणीबी उड्या मारंल,” म्हणायच्या. मी क्लबात करायला लागलो हे त्यांना सांगायची भीती वाटत होती. एके दिवशी सांगितलं. त्यांनी सुपारी कातरणं थांबवलं नाही. एवढंच विचारलं, “रोख देतात का?” मी म्हटलं, नाही, दोन महिन्यांनी खात्यात. “मग तुमच्यापरीस आमचं बरं होतं,” म्हणाल्या आणि पुढचा अंतरा सांगितला.

मावशींच्या त्या प्रश्नात आणि तुमच्या समितीच्या हरकतीत अंतर किती, याचाच विचार मी आठवडाभर करतोय.

तुमची हरकत पुरुषाने बाई होण्याला नाही, हे काकांनीच स्पष्ट केलं. ती असती तर मला वाद घालणं सोपं गेलं असतं. बालगंधर्वांचं नाव घेतलं की मराठी माणूस हात जोडतो. १९६४ ला पद्मभूषण, १९६८ पासून पुण्यात त्यांच्या नावाचं रंगमंदिर. क्लबात कुणी मराठी प्रेक्षक भेटला आणि दोन पेग झालेले असले की तो हमखास म्हणतो, “तुम्ही तर आजचे बालगंधर्व!” मी हसून घेते. पण खरं सांगू? ती ढाल मला नको आहे. बालगंधर्व भरजरी शालू नेसून सभ्य घरातल्या प्रेक्षकांसमोर उभे राहिले, आणि त्याच सभ्य घरातल्या बायकांनी त्यांचं पाहून नेसायला आणि गजरा माळायला शिकलं. माझं घराणं ते नाही. माझं घराणं तमाशातल्या नाच्या पोऱ्याचं. बायका फडावर येण्याआधी तोच नाचायचा आणि त्याला कुणी किताब दिला नाही. कोल्हापूरच्या गणपत पाटलांनी सिनेमात जन्मभर नाच्या रंगवला. संसारी, पोराबाळांचा माणूस. पण पडद्याबाहेरही लोकांनी त्यांना तसंच समजून छळलं. एकाच्या लुगड्याला आपण कला म्हणालो आणि दुसऱ्याच्या लुगड्याला शिट्टी मारली. फरक लुगड्यात नव्हता, नेसून कुणासमोर उभं राहिलं यात होता.

म्हणजे पुन्हा जागाच आली. तर जागेबद्दल बोलू.

लावणी कुठल्या जागेत वाढली हे तुम्हाला मी सांगायला नको, तुमच्या स्मरणिकेत दरवर्षी लेख असतो. पण त्या लेखात जागा धुऊन-पुसून येतात. लालबागच्या हनुमान थिएटरात कोण बसायचं? पाळी सुटलेला गिरणी कामगार. तो काही उपास सोडून आलेला नसायचा. चौफुल्याला, मोडनिंबला लावणीच्या कलाकेंद्रांवर रात्री कोण गाड्या लावतं? तिथे फर्माईश कशी होते? नोट पुढे करून. दौलतजादा हा शब्द तुमच्या निवेदकाने अंतिम फेरीत केवढ्या कौतुकाने उच्चारला होता. क्लबात त्याला टिप म्हणतात, एवढाच काय तो फरक. पठ्ठे बापूरावांचं नाव घेताना त्याने कानाच्या पाळीला हात लावला. ते बापूराव म्हणजे घरदार, जात, कुलकर्णीपण सोडून तमाशाच्या फडात जाऊन बसलेला माणूस. त्या काळात कुणी त्यांना ‘पूर्वीचे कार्यक्रम’ विचारले असते, तर त्यांनी काय लिहिलं असतं आणि कुठल्या समितीने ते पास केलं असतं?

तमाशावर सरकारनेच बंदी घातली होती, हेही आपण विसरतो. १९४८ च्या सुमारास, बाळासाहेब खेर मुख्यमंत्री असताना. कारण काय, तर अश्लील. फडांच्या लोकांनी खेटे घातले, मग वग आधी तपासून घ्यायचा या अटीवर सुटका झाली.

आणि २००५. ही तर आपल्या डोळ्यांदेखतची गोष्ट. त्या वर्षीच्या १५ ऑगस्टपासून राज्यातले डान्स बार बंद झाले. मुंबई पोलीस कायद्यात ३३ अ आणि ३३ ब अशी दोन कलमं घातली. अ ने साध्या बारमधला नाच बंद केला, ब ने तारांकित हॉटेलं, जिमखाने यांना सूट दिली. तोच नाच आणि तेच गाणं, पण बाहेर दारवान सलाम ठोकत असला की संस्कृती बुडत नाही. २००६ मध्ये हायकोर्टाने हे फेटाळलं, २०१३ मध्ये सुप्रीम कोर्टाने तेच कायम केलं. सरकारने पुन्हा कायदा आणला, २०१६ मध्ये आणखी एक आणला, आणि जानेवारी २०१९ मध्ये कोर्टाने त्यातल्याही बऱ्याच अटी काढून टाकल्या. टिप हातात द्यायला हरकत नाही, नोटा उधळायच्या नाहीत, असं त्या निकालात आहे. म्हणजे दौलतजादाचा निवाडा थेट दिल्लीत झाला. पण मधली चौदा वर्षं गेली ती गेलीच. त्यात पिढीजात नाचगाण्यावर जगणाऱ्या समाजांतल्या कितीतरी बायकांचं चालतं पोट बंद पडलं. माझ्या मावशींची भाची त्यातलीच. ती आता नवी मुंबईत घरकाम करते. तिच्यासारखी ‘बघणारी’ बाई मी पुन्हा बघितली नाही. तिने तुमच्या स्पर्धेचा फॉर्म भरला असता तर काकांनी तिलाही दोन मिनिटांत पाचशे रुपये परत केले असते.

त्या ३३ ब ची गंमत अशी, की ते कलम आज असतं तर ती सूट मला मिळाली असती. मी ज्या क्लबांत करते त्यातले दोन बड्या हॉटेलांत आहेत. तेव्हा ‘बारवाली’ म्हणून अंगावर घेण्याइतका माझा अधिकार नाही. त्या बायकांनी जे सोसलं ते मी सोसलेलं नाही. पण तुमच्या समितीने मला त्यांच्या रांगेत बसवलंच आहे, तर तिथून उठायची माझी इच्छा नाही.

आता आईचा टोमणा. दुसऱ्याच्या आवाजावर ओठ हलवायचे, यात कला कसली? काकांनीही ओझरता उल्लेख केला. तुमच्या नियमावलीतला सातवा नियम वाचतो : ‘स्पर्धकाने आपले गाणे पेन ड्राइव्हमध्ये आणावे.’ संगीतबारीत बाई स्वतः गाते, पेटीवाला आणि ढोलकीवाला तिच्या नजरेवर चालतात. तुमच्या रंगमंचावर गेल्या तीन वर्षांत एक पेटी दिसली नाही. मग ओठ हलवण्यावरून भांडण नको, आपण दोघंही एकाच पेन ड्राइव्हचे.

तरी एक रात्र सांगतो. मागच्या पावसाळ्यात, लोअर परळला. पहिलं कडवं संपलं आणि ट्रॅक अडकला. आधी ‘राया राया राया’ असं तिथल्या तिथे, मग ठप्प. डीजे घामाघूम. प्रेक्षक हसायला लागलेले. माझे पाय थांबले, पण मावशींनी तीन महिने बसवलं होतं ते कामाला आलं. मी तिथेच फ्लोअरवर बैठक मारली, पदर सावरला आणि तोडक्यामोडक्या आवाजात पुढची ओळ म्हटली. आवाज माझा बरा नाही. दुसऱ्या ओळीला बारच्या मागून ठेका आला. बारटेंडरने बर्फाची स्टीलची बादली रिकामी करून काखेत धरली होती. पारनेरकडचा पोरगा, चुलता ढोलकीवर होता त्याचा. सहा मिनिटं चाललं असेल. त्या गर्दीत लावणी कळणारे पाच-सहाजण असतील, त्यातल्या एका कोपऱ्यातल्या गृहस्थांनी बरोबर समेवर “व्वा” म्हटलं. समेवरची अशी दाद तुमच्या प्रेक्षागृहात मी कधी ऐकली नाही; तिथे सगळे मोबाइल वर धरून असतात.

एक परदेशातलं सांगतो आणि आवरतो. एका गिऱ्हाईक ताईंनी लंडनहून आल्यावर फोनवर फोटो दाखवले. ली बॉवरी नावाचा माणूस, ऑस्ट्रेलियातून लंडनला गेलेला. १९८५ मध्ये तिथे त्याने ‘टॅबू’ नावाचा क्लब काढला, तो वर्ष-दीड वर्षच टिकला. स्वतःच्या अंगावरचे अचाट पोशाख तो स्वतःच शिवायचा. शिंपी म्हणून माझा जीव तिथे अडकला. एका फोटोतली शिवण मी मोठी करून करून बघितली. १९९४ च्या शेवटच्या दिवशी तो एड्सने गेला, वय तेहेतीस. आणि २०२५ मध्ये टेट मॉडर्न या तिथल्या मोठ्या संग्रहालयाने त्याचं सहा महिन्यांचं प्रदर्शन भरवलं. ताई म्हणाल्या, बघ, किती मान देतात! मी मनात तीस वर्षं मोजली. माझी नऊवारी काचेच्या पेटीत ठेवून खाली पाटी लावणार असाल तर लावा बापडे, पण त्याआधी एकदा ती अंगावर असताना बघा की.

माझं मागणं लहान आहे. मला प्रवेश द्याच, असं मी म्हणत नाही. परीक्षकांनी बघून पहिल्याच फेरीत घरी पाठवलं तर मुकाट्याने जाईन; माझी गिरकी कच्ची आहे, मला माहीत आहे. पण बघायच्या आधी घालवायचं असेल तर ते फोनवर, हळू आवाजात नको. पुढच्या वर्षीच्या नियमावलीत सातव्या नियमाखाली आठवा छापून टाका : ‘बार, क्लब, कलाकेंद्र अथवा मद्य मिळते अशा कोणत्याही ठिकाणी कला सादर करणाऱ्यांना प्रवेश नाही.’ कलाकेंद्र हा शब्द मी मुद्दाम घातलाय. तो गाळायचा असेल तर का गाळला तेही समितीने बैठकीच्या इतिवृत्तात लिहावं. आणि हा नियम छापलेल्या स्मरणिकेत पठ्ठे बापूरावांवरचा लेख कुठल्या पानावर घ्यायचा, तेवढं ठरवावं.

छापायला हात धजत नसेल, तर माझा फॉर्म पुन्हा येतोच आहे. ‘पूर्वीचे कार्यक्रम’ या रकान्यात यंदा जागा पुरली नव्हती, या वेळी वेगळा कागद जोडतो.

आपली,
हौसा ठाकुर्लीकरीण

ता. क. : यंदा अंतिम फेरीत जांभळ्या नऊवारीत जी मुलगी नाचली, ती मंगळवारची साडी. घाईत पूर्ण केली होती. दुसऱ्या गिरकीला तिचा ओचा एका बाजूने उसवलेला मला मागच्या रांगेतून दिसला. पोरीने कळू दिलं नाही, शाबास तिची. तिला निरोप द्या, साडी गाळ्यावर घेऊन ये म्हणावं. पैसे नाहीत घेणार.